रंगभूमीचा लमाण : डॉ. श्रीराम लागू यांची नाट्य व चित्रपट कारकीर्द

आपल्या ज्ञातिसंस्थेच्या वार्षिक स्मरणिकेत यशस्वी व्यक्तींची चरित्रे द्यावयाची, ही प्रथा जुनी आहे व ती स्तुत्यही आहे. शालान्त परीक्षेत चमकलेला विद्यार्थी, परदेशी जाऊन उच्च पदवी संपादन केलेला डॉक्टर, स्वकष्टाने कारखाना उभा करणारा उद्योजक, यांची छायाचित्रे आपण कौतुकाने छापतो आणि घरातील मुलांस दाखवितो. नटाचे चरित्र मात्र या पानांत क्वचितच येते. याचे कारण सर्वांच्या मनात आहे, परंतु ते बोलून दाखवावयास आपण संकोचतो. १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी सांगलीस ‘सीतास्वयंवर’ केले, १८८० साली पुण्यास अण्णासाहेब किर्लोस्करांनी ‘शाकुंतल’ उभे केले, आणि तेव्हापासून नाटक हे मराठी माणसाचे वेड होऊन बसले. परंतु नाटक पाहावयास सहकुटुंब जाणारा हाच मराठी माणूस आपल्या मुलाने नाटकात शिरतो म्हणताच मात्र चिंताक्रांत होतो. नाटक चांगले, नाटकवाला शेजारच्या घरचा असावा, अशी आपली एकंदर वृत्ती! म्हणूनच ज्याने उत्तम चाललेली शल्यवैद्यकी सोडून चेहऱ्यास रंग लावला, त्या डॉ. श्रीराम लागू यांच्या कारकीर्दीचा आढावा आम्ही यंदा वाचकांपुढे ठेवीत आहोत. ते कोणत्या ज्ञातीचे, हा प्रश्न आम्ही येथे बुद्ध्याच बाजूला ठेवला आहे. तो त्यांस स्वतःलाही रुचला नसता.

श्रीराम बाळकृष्ण लागू यांचा जन्म १६ नोव्हेंबर १९२७ रोजी साताऱ्यास झाला. वडील डॉक्टर होते. शिक्षण पुण्यास, भावे हायस्कूल, फर्ग्युसन महाविद्यालय व पुढे बी. जे. वैद्यकीय महाविद्यालय अशा क्रमाने झाले. मध्यमवर्गीय पुणेकर कुटुंबातील हुशार मुलाचा हा ठरलेला मार्ग होय, व या मार्गाने ते शेवटपर्यंत चाललेही. कान, नाक व घसा या विषयात त्यांनी विशेष प्रावीण्य मिळविले. पुण्यास व्यवसाय केला. अधिक शिक्षणासाठी कॅनडा व इंग्लंड येथे राहून आले. आफ्रिकेत टांझानियातील टबोरा येथेही त्यांनी काही काळ वैद्यकी केली. ज्यांस नाटकाव्यतिरिक्त दुसरे काही जमले नाही म्हणून जे नाटकात गेले, अशांपैकी ते नव्हते, हे आरंभीच लक्षात ठेविले पाहिजे.

नाटकाचा छंद त्यांस महाविद्यालयातच जडला होता. १९५० नंतरच्या वर्षांत पुण्यास भालबा केळकर व अन्य मित्रांच्या समवेत त्यांनी ‘प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशन’ ही हौशी संस्था चालविली. सर्व मराठी मुलुखात ती पुढे ‘पी.डी.ए.’ या अद्याक्षरांनीच प्रसिद्ध झाली. तो काळ कसा होता, हे ध्यानात घेतल्यावाचून या संस्थेचे मोल कळणार नाही. १९३२ मध्ये मराठी बोलपट आला आणि नाटक कंपन्यांचा प्रेक्षक हळूहळू चित्रगृहाकडे वळला. एकामागून एक मातबर मंडळ्या बंद पडल्या. अशा वेळी दिवसा नोकरी अगर व्यवसाय करून सायंकाळी तालमीस जमणाऱ्या हौशी मंडळींनीच रंगभूमीचा दिवा तेवत ठेविला. मुंबई राज्य शासनाने १९५४ पासून सुरू केलेल्या नाट्यस्पर्धांनी त्यांस आधार दिला. वसंत कानेटकरांचे पहिले नाटक ‘वेड्याचं घर उन्हात’ हे १९५७ साली पी.डी.ए.नेच रंगमंचावर आणले. मुंबईस विजया मेहता प्रभृतींच्या ‘रंगायन’शीही डॉक्टरांचा संबंध आला. दिवसा रुग्ण तपासावेत आणि रात्री संवाद घोकावेत, असा हा क्रम वर्षानुवर्षे चालला. त्यात मानधन नव्हते. उलट पदरचे पैसे जात. परंतु नटाचे खरे शिक्षण याच काळात झाले. पोटाची चिंता दुसरीकडे भागत असल्याने भूमिका निवडताना बाजारभावाचा विचार करावा लागला नाही, आणि तीच सवय पुढे स्वभाव बनली.

१९६९ साली मात्र त्यांनी निर्णय घेतला. वयाची बेचाळिशी समोर होती. हातात विद्या होती, नावाला प्रतिष्ठा होती. ही सर्व बाजूस सारून ते पूर्ण वेळ नट झाले व कानेटकरांच्याच ‘इथे ओशाळला मृत्यू’ या नाटकातून त्यांनी व्यावसायिक रंगभूमीवर पाऊल टाकले. वाचकहो, हा निर्णय आपल्या घरात कोणी घेतला असता तर काय झाले असते, याची कल्पना करून पाहावी. विशीतील तरुणाने घर सोडून कंपनीत जावे, याला आपण पोरपण म्हणतो व क्षमा करतो. चाळिशी ओलांडलेल्या शल्यविशारदाने ते केले तर त्यास कोणते नाव द्यावे? आमच्या मते त्यास एकच नाव शोभते, आणि ते म्हणजे हिशेब. आयुष्याचा हिशेब! अठरा-वीस वर्षे दोन्ही व्यवसाय शेजारी-शेजारी चालवून, दोन्हींचे मोल पारखून घेतल्यानंतर त्यांनी एकाची निवड केली. तो उतावीळपणा नव्हता.

निवड योग्य होती किंवा कसे, याचा निवाडा लवकरच झाला. २३ डिसेंबर १९७० रोजी मुंबईत वि. वा. शिरवाडकरांचे ‘नटसम्राट’ प्रथम रंगमंचावर आले. दिग्दर्शक पुरुषोत्तम दारव्हेकर होते, आणि निर्मिती ‘दि गोवा हिंदु असोसिएशन’च्या कला विभागाची होती. आपल्यासारख्या संस्थेच्या सभासदांनी येथे क्षणभर थांबावे. १९१९ साली मुंबईत गोमंतकीय हिंदु बांधवांच्या हितासाठी स्थापन झालेल्या एका संस्थेने ‘रायगडाला जेव्हा जाग येते’, ‘मत्स्यगंधा’, ‘नटसम्राट’, ‘हिमालयाची सावली’ अशी एकाहून एक सरस नाटके महाराष्ट्रास दिली! समाजाची संस्था केवळ विवाह-मेळावे व शिष्यवृत्त्या यांपुरतीच असावी असा काही दंडक नाही, हे या एका उदाहरणावरून सिद्ध होते.

‘नटसम्राट’मधील गणपतराव बेलवलकर हा निवृत्त नट. मुलांत सर्वस्व वाटून टाकून तो त्यांच्या आश्रयास जातो, अपमानित होतो, पत्नीस गमावतो आणि अखेर रस्त्यावर येतो. शेक्सपिअरच्या ‘किंग लिअर’ची छाया या कथेवर आहे, हे सर्वश्रुत आहे, परंतु शिरवाडकरांनी राजाच्या ठिकाणी नट आणला, आणि त्यायोगे एक मोठीच अडचण निर्माण करून ठेविली. ही भूमिका करणाऱ्यास एकाच वेळी दोन अभिनय करावे लागतात. एक थकलेला, व्याकुळ बाप उभा करावा लागतो. आणि तो बाप पूर्वायुष्यातील नाट्यप्रवेश बोलू लागला की त्याच्या आतील सम्राट उभा करावा लागतो. पहिल्यात संयम हवा, दुसऱ्यात वैभव हवे. आणि एकातून दुसऱ्यात जाताना जोड दिसता कामा नये. दीर्घ स्वगते, उतरणीला लागलेले शरीर आणि चढत जाणारा स्वर, असा हा विलक्षण मेळ आहे. पहिल्या प्रयोगाच्या वेळी डॉक्टरांचे वय अवघे त्रेचाळीस होते, आणि प्रेक्षकांनी मात्र साठी उलटलेला म्हातारा पाहिला. कावेरीच्या भूमिकेत शांता जोग होत्या, आणि त्यांच्या शांत, घरंदाज अभिनयाने अप्पासाहेबांच्या वादळास किनारा मिळाला, हेही नमूद केलेच पाहिजे. पुढे दत्ता भट, सतीश दुभाषी, यशवंत दत्त अशा समर्थ नटांनी ही भूमिका केली. २०१६ साली नाना पाटेकर यांनी ती पडद्यावर आणली. ज्या भूमिकेवर आपले सामर्थ्य पारखून घ्यावे असे प्रत्येक मोठ्या नटास वाटते, ती डॉक्टर लागूंनी प्रथम घडविली.

याच १९७० साली विजय तेंडुलकरांच्या ‘गिधाडे’ या नाटकाचे दिग्दर्शनही डॉक्टरांनी केले होते. ‘नटसम्राट’ पाहून डोळे पुसणाऱ्या कित्येकांस ‘गिधाडे’ सोसवले नाही. विषय पाहिला तर दोहोंचा एकच : मुले, बाप आणि इस्टेट. एका नाटकात बाप उदार आहे व मुले कृतघ्न. दुसऱ्यात बापापासून मुलापर्यंत सर्वच एकमेकांचे लचके तोडणारे. एकाच वर्षात एकाच कलावंताने कुटुंबसंस्थेची ही दोन्ही चित्रे समाजापुढे ठेविली. एकास टाळ्या मिळाल्या, दुसऱ्यास परिनिरीक्षण मंडळाशी झगडावे लागले. टाळ्यांकडे पाहून त्यांनी दुसरे चित्र झाकून ठेविले नाही.

अष्टपैलुत्व या शब्दाचा आपल्याकडे अतिशय सैल वापर होतो. दाढी लावली, आवाज बदलला, लंगडत चालले की नट अष्टपैलू झाला, असा समज आहे. डॉक्टरांचे चेहऱ्याचे ठेवण व आवाजाची जात सहसा झाकली जात नसे. प्रत्येक भूमिकेत ते ओळखू येत. तरीही माणसे निरनिराळी भासत. १९७२ च्या ‘हिमालयाची सावली’मध्ये त्यांनी नानासाहेब भानू साकारले. महर्षी धोंडो केशव कर्वे यांच्या जीवनावरून सुचलेली ही व्यक्तिरेखा आहे. परंतु नाटकाचा आत्मा आहे तो त्या थोर पुरुषाच्या संसाराची झळ सोसणारी पत्नी बयो. नायकाने आपले मोठेपण राखावे आणि तरीही प्रेक्षकांचे अंतःकरण पत्नीकडे जाऊ द्यावे, हे पथ्य येथे सांभाळावे लागते. १९७४ साली गो. पु. देशपांडे यांचे ‘उद्ध्वस्त धर्मशाळा’ आले. चौकशी समितीसमोर उभा केलेला एक प्राध्यापक प्रश्नांस उत्तरे देतो, आणि त्या उत्तरांतून त्याचे राजकारण, त्याचा संसार, त्याचे वैफल्य उलगडत जाते. येथे ‘नटसम्राट’मधील गर्जना नाही, धावपळ नाही, केवळ विचार करणारा मनुष्य आणि त्याचा शब्द. ज्या स्वराने बेलवलकर आक्रंदन करतो, तोच स्वर येथे जवळजवळ कोरडा ठेवून चालवावा लागला.

रंगभूमीवर असा लौकिक होत असतानाच चित्रपटाने त्यांस बोलाविले. १९७२ सालचा व्ही. शांताराम यांचा ‘पिंजरा’ आमच्या पिढीतील कोण विसरेल? तमाशास गावाबाहेर घालवू पाहणारा आदर्शवादी मास्तर त्याच तमाशातील स्त्रीच्या मोहात सापडतो. आपला मृत्यू झाला असा समज गावात पसरू देतो. आणि अखेरीस स्वतःच्याच खुनाच्या आरोपाखाली फासावर जाणे पत्करतो, परंतु गावाच्या मनातील आदर्श मोडू देत नाही. पुढे जब्बार पटेल यांचा, तेंडुलकरांनी लिहिलेला ‘सामना’ आला व तो १९७५ साली बर्लिनच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात दाखविला गेला. त्यातही डॉक्टर पुन्हा मास्तरच! परंतु हा मास्तर दारूत बुडालेला, विटलेल्या कपड्यांचा, कोठून तरी भटकत आलेला. साखरसम्राट हिंदुराव धोंडे पाटील त्यास आश्रय देतो, आणि हा मनुष्य त्याच्याच गावात मारुती कांबळे नावाच्या नाहीशा झालेल्या माणसाची चौकशी सोडीत नाही. पहिला मास्तर उंचावरून खाली येतो, दुसरा गाळातून वर चढतो. दोघांचे नाव एक, व्यवसाय एक, नट एक. आणि प्रवासाची दिशा मात्र उलटी. चरित्र-अभिनय कशास म्हणतात, हे ज्यांस जाणून घ्यावयाचे असेल त्यांनी हे दोन चित्रपट लागोपाठ पाहावेत. दोहोंतही समोर निळू फुले यांच्यासारखा तोडीस तोड नट होता, हे मराठी प्रेक्षकांचे भाग्य. १९७९ च्या ‘सिंहासन’मध्ये, अरुण साधू यांच्या कादंबऱ्यांवर आधारलेल्या राजकीय पटात, डॉक्टर मुख्यमंत्र्याच्या खुर्चीवर डोळा ठेवणारे अर्थमंत्री झाले, आणि निळूभाऊ पत्रकार.

हिंदी चित्रपटसृष्टीने त्यांचा उपयोग विपुल केला. नेहमीच योग्य केला असे म्हणता येणार नाही. वडील, न्यायाधीश, डॉक्टर, पोलीस अधिकारी, उद्योगपती, अशा ठराविक साच्याच्या भूमिका त्यांच्या वाट्यास आल्या. अशा कामाने अर्थार्जन होते, व ज्याने वैद्यकी सोडली आहे त्यासही संसार असतोच. परंतु साच्यातही जिवंत माणूस भरता येतो, हे त्यांनी १९७७ च्या ‘घरौंदा’मध्ये दाखविले. मुंबईत घर मिळत नाही म्हणून हताश झालेला तरुण आपल्या प्रेयसीस सुचवितो, की आजारी, धनाढ्य मालकाशी विवाह कर, तो फार दिवस जगणार नाही. हा मालक मोदी खलनायक म्हणून रंगविणे अगदी सोपे होते. डॉक्टरांनी त्यास एकाकी, सभ्य व विश्वासू मनुष्य केला. आणि कथेचे पारडे नकळत फिरले. प्रेक्षक ज्याच्या मरणाची वाट पाहत बसला होता, त्याच्याच बाजूने तो उभा राहिला. या भूमिकेसाठी त्यांस साहाय्यक अभिनेत्याचे ‘फिल्मफेअर’ पारितोषिक मिळाले. १९८२ साली रिचर्ड ॲटनबरो यांच्या ‘गांधी’ चित्रपटात ते गोपाळ कृष्ण गोखले झाले. भूमिका लहान, परंतु योग किती मनोज्ञ! ज्या फर्ग्युसन महाविद्यालयात गोखल्यांनी अध्यापन केले, तेथील एका विद्यार्थ्यानेच त्यांस जगाच्या पडद्यावर आणले. १९८९ मध्ये मृणाल सेन यांच्या ‘एक दिन अचानक’मध्ये ते एका पावसाळी सायंकाळी घरातून निघून जाणारे व परत न येणारे प्राध्यापक होते. मनुष्य पडद्यावरून निघून गेला तरी त्याच्या अभावाने घर भरून राहते, असा परिणाम येथे साधावयाचा होता, व तो त्यांनी साधला.

शंभरांहून अधिक चित्रपट, चाळीसांहून अधिक नाटके, विसांहून अधिक नाटकांचे दिग्दर्शन, अशी ही मोजदाद आहे. परंतु त्यांनी स्वतः आपल्या कारकीर्दीचे वर्णन एकाच शब्दात केले. आपल्या आत्मचरित्रास त्यांनी ‘लमाण’ हे नाव दिले. लमाण म्हणजे बैलांच्या पाठीवर दुसऱ्याचा माल लादून तो या गावाहून त्या गावास नेणारा. माल त्याचा नव्हे, गाव त्याचे नव्हे. त्याचे काय ते चालणे, आणि माल न सांडता पोहोचविण्याचा प्रामाणिकपणा. नाटककाराचा माल प्रेक्षकापर्यंत नेणारा नट हा असाच वाहक होय. या एका कल्पनेत अष्टपैलुत्वाचे सर्व रहस्य साठविलेले आहे, असे आम्हांस वाटते. जो नट स्वतःचाच माल विकावयास निघतो, तो प्रत्येक गावात तेच दाखवितो. जो दुसऱ्याचा माल वाहतो, त्याच्या गोणीत शिरवाडकर असतात, तेंडुलकर असतात, कानेटकर असतात. आणि म्हणून तो कधी रिता होत नाही.

वृद्धापकाळीही ही वाहतूक थांबली नाही. १९९९ साली मकरंद साठे यांच्या ‘सूर्य पाहिलेला माणूस’ या नाटकात, अतुल पेठे यांच्या दिग्दर्शनाखाली, ते सॉक्रेटिस झाले. त्यांचे वय तेव्हा एकाहत्तर होते. अथेन्समध्ये विषाचा प्याला घेताना सॉक्रेटिसही सत्तरीचाच होता. प्रश्न विचारणे हा ज्याचा अपराध ठरला, त्याची ही भूमिका त्यांच्या स्वतःच्या जीवनाशीही जुळणारी होती. डॉक्टर लागू उघडपणे निरीश्वरवादी होते. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या चळवळीत डॉ. नरेंद्र दाभोलकर यांच्या समवेत ते उभे राहिले, आणि परमेश्वरास आता निवृत्त करावे, असे म्हणून त्यांनी मोठा रोष ओढवून घेतला. आमच्या वाचकांपैकी बहुतेकांस हे मत पटणार नाही, व ते पटवून देणे हा या लेखाचा हेतूही नाही. परंतु लोकप्रियतेवर ज्याचे पोट अवलंबून आहे अशा नटाने, लोकांस न रुचणारे मत लोकांसमोर उभे राहून सांगावे, यास लागणारे धैर्य सश्रद्ध मनुष्यासही मान्य करावे लागेल. सामाजिक कार्यकर्त्यांच्या साहाय्यासाठी उभारलेल्या सामाजिक कृतज्ञता निधीसाठी निळू फुले आदी सहकाऱ्यांसह त्यांनी आचार्य अत्रे यांच्या ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग गावोगाव केले. तेथेही लमाणच, यावेळी मिळालेले द्रव्यही दुसऱ्यासाठीच वाहिले.

खाजगी जीवनात त्यांस एक दारुण आघात सोसावा लागला. त्यांचा पुत्र तन्वीर अकाली गेला. हे दुःख त्यांनी व पत्नी, अभिनेत्री दीपा श्रीराम, यांनी जगापुढे मांडीत बसण्याऐवजी पुत्राच्या नावे ‘तन्वीर सन्मान’ सुरू करून रंगभूमीची सेवा करणाऱ्यांचा गौरव आरंभिला. शासनाने व कलासंस्थांनीही त्यांचा योग्य आदर केला. १९७४ साली पद्मश्री, १९९७ साली कालिदास सन्मान, २०१० साली संगीत नाटक अकादमीची सन्माननीय सदस्यता, असे मान त्यांस लाभले. १७ डिसेंबर २०१९ रोजी, वयाच्या ब्याण्णवाव्या वर्षी, पुण्यास त्यांचे निधन झाले.

या चरित्रातून आपण काय घ्यावे? प्रत्येक मुलाने शिक्षण सोडून नाटकात जावे, असे आम्ही मुळीच म्हणत नाही. डॉक्टरांचे जीवनही तसे सांगत नाही. त्यांनी आधी एक विद्या पूर्ण केली, तिच्यावर उपजीविका केली, आणि दुसऱ्या विद्येस तितकीच वर्षे विनामोबदला दिली. परंतु ज्या दिवशी दोहोंपैकी एक निवडावयाची वेळ आली, त्या दिवशी त्यांनी प्रतिष्ठेस विचारले नाही. आपल्या घरात जेव्हा एखादा मुलगा अगर मुलगी तालमीहून रात्री उशिरा परत येईल, तेव्हा दार उघडताना कपाळास आठी घालू नये, एवढीच आमची विनंती आहे. त्याच्या पाठीवर कोणाचा तरी मोलाचा माल असण्याचा संभव आहे. आणि आपली संस्थाही, पुढील वर्षीचे अंदाजपत्रक मांडताना, शिष्यवृत्तीच्या रकमेशेजारी एका नाट्यप्रयोगाची रक्कम धरील, तर गोमंतकीय बांधवांनी घालून दिलेला धडा आपण गिरविला असे होईल.